कारासबाईंचे चार सेकंद

बुडापेस्टच्या फिल्म कॉलेजात संकलन शिकायला येणाऱ्या पोरापोरींना पहिल्याच आठवड्यात दोन गोष्टी सांगितल्या जायच्या. एक, पांढरे हातमोजे घातल्याशिवाय फिल्मला हात लावायचा नाही. दोन, 'कारासबाईंचे चार सेकंद' करायचे नाहीत. मग मास्तर 'तिसाकाठचा उन्हाळा' या सिनेमाचं चौथं रीळ लावायचे. नदीचा काठ. नायिका भांडून तरातरा चालत येते आणि उजवीकडून पडद्याबाहेर जाते. खरं तर शॉट इथे संपला. नायिका गेली, आता बघायचं काय? पण शॉट संपत नाही. एक सेकंद, दोन, तीन, चार. मागे तिसा नदी वाहतेय, दोरावर चालणारा तराफा काठाला लागलाय, त्यावर कुणीतरी पोरगा दोर गुंडाळतोय. तो मान वर करतो, डोक्यावरची टोपी काढून हलवतो, आणि मग कट.

"बघितलंत? इथे संकलकबाईंना डुलकी लागली," मास्तर म्हणायचे. पोरं खदखदून हसायची.

आता ज्यांनी कारास विल्माला काम करताना बघितलंय त्यांना या विनोदाचा राग येतो, मलाही येतो. डुलकी आणि ती? बाईच्या हाताखालून एकतीस सिनेमे गेले. मोठमोठे दिग्दर्शक तिच्या खोलीत शिरण्यापूर्वी सिगारेट विझवायचे आणि गळा साफ करायचे. शॉटमधल्या दोन फ्रेम ती काढून टाकायची, म्हणजे सेकंदाचा बारावा भाग, आणि म्हणायची, "आता बघा, नट शहाणा वाटतोय की नाही." आणि तो वाटायचा! नटाला बक्षीस मिळायचं, दिग्दर्शकाचा फोटो छापून यायचा. हिचं नाव पडद्यावर अडीच सेकंद यायचं, नेमकं लोक खुर्च्या शोधत असायचे तेव्हा. नामावलीसुद्धा तीच कापायची, पण स्वतःला अडीचचे तीन सेकंद तिने कधी करून घेतले नाहीत.

सगळा स्टुडिओ तिला विल्मानेनी म्हणायचा, म्हणजे विल्मामावशी. नाकावर राग, बोलणं तिखट, आणि एप्रनच्या खिशात नेहमी मेणाची पांढरी पेन्सिल. ते चार सेकंद कसे राहिले असं कोणी विचारलंच तर खांदे उडवून म्हणायची, "राहिले खरे. तुमच्या हातून कधी काही राहिलं नाही का?" त्यापुढे चकार शब्द नाही.

राहिले कुठले! ठेवले होते तिने.

तराफ्यावरचा तो पोरगा तिचा भाऊ होता. कारास बेनो. तिच्याहून बारा वर्षांनी लहान. बाप महायुद्धात रशियातल्या डॉन नदीच्या आघाडीवर गेला तो परत आलाच नाही, आईचे पाय सुजून अंथरुणाला खिळलेले, म्हणजे पोराला न्हाऊ-माखू घालण्यापासून कान उपटण्यापर्यंत सगळं विल्मानेच केलेलं. शाळा सुटली की तो दप्तर घेऊन थेट तिच्या संकलनाच्या खोलीत. तिथे एसिटोनचा वास, कापडी पिशवीवर वाळत घातल्यासारख्या लटकणाऱ्या फिल्मच्या पट्ट्या, आणि त्याला तेच आवडायचं. कोणती बाजू चित्राची हे ओठाला लावून कसं ओळखायचं, हे तिने त्याला शिकवलं. जी बाजू ओठाला चिकटते ती चित्राची. तुटलेली फिल्म जोडायलाही शिकवलं. टोकावरचा चित्राचा थर ब्लेडने खरवडायचा, अगदी बारीक, केसभर, त्यावर सोल्यूशन लावायचं, दुसरं टोक दाबून धरायचं. पण बेनो कायम जास्त खरवडायचा. जोडाच्या कडेला तांदळाएवढी पांढरी फट राहायची.

"अरे पातेलं खरवडतोयस का?" ती त्याच्या हातावर चापट मारायची.

"पक्का जोड हवा ना? मग थोडं जास्त खरवडलेलं बरं," बेनोचं ठरलेलं उत्तर.

एकोणीसशे छप्पनच्या उन्हाळ्यात तिसाकाठी शूटिंग लागलं. दिग्दर्शक सालोकी देनेश, तेव्हा सदतीस वर्षांचा, गळ्यात रुमाल, आवाज नदीपलीकडे ऐकू जाईल असा. बेनो तारा उचलायच्या कामावर लागला होता. त्या दिवशी खरा तराफेवाला सकाळीच ढोसून गवतात घोरत पडला, तेव्हा सालोकीने बेनोच्या डोक्यावर त्याची टोपी चढवली आणि त्याला दोर गुंडाळायला उभा केला. दुपारची वेळ. विल्मा कॅमेऱ्याच्या मागे त्याचा डबा घेऊन उभी होती. पावाला फासलेली चरबी, वर लाल कांदा आणि पाप्रिका मिरचीची पूड. नायिका चौकटीबाहेर गेली, पोराला वाटलं झाला शॉट, त्याने बहिणीकडे बघून टोपी हलवली. म्हणजे काय तर, 'पाव आण, भूक लागलीय.' कॅमेरा मात्र चालूच राहिला होता.

पुढे शरदात शहरात उठाव झाला, रशियन रणगाड्यांनी तो चिरडला, आणि माणसं देश सोडून पळू लागली. नोव्हेंबरमध्ये एका सकाळी बेनो पाठीवर पिशवी अडकवून स्वयंपाकघरात आला.

"विल्मी, चल. दोघं जाऊ. तिसऱ्या दिवशी ऑस्ट्रियात असू."

"आणि आईला पाठीवर बांधू का?"

"मग मी एकटा जातो."

"जा ना! तुला कोणी धरलंय?" ती भांडी घासत होती, मागे वळलीसुद्धा नाही. तिला वाटलं जिन्यापर्यंत जाईल आणि येईल परत, नेहमीसारखा. दार लागल्याचा आवाज आला. हातातलं भांडं तसंच टाकून ती खिडकीशी धावली तेव्हा रस्त्यावर कोणी नव्हतं.

मार्चमध्ये स्टुडिओ पुन्हा सुरू झाला आणि सगळ्यांकडून फॉर्म भरून घेतले. देशाबाहेर पळालेले नातेवाईक? विल्माने लिहिलं : नाहीत. भाऊ-बहीण? नाही. खरं लिहिलं असतं तर संकलनाची खोली गेली असती, आणि मग आईचं औषधपाणी कशावर? तिने लिहिलं आणि सही केली. 

आणि दैव बघा, त्याच आठवड्यात पत्र आलं. पोस्टमन दारात उभा. पाकिटावर स्वीडनचं तिकीट, आणि विल्माच्या नावाची उंच, पुढे झुकलेली अक्षरं. शेजारच्या घराचं दार किलकिलं झालं. हिने भाऊ नाही म्हणून सही केलीय आणि भाऊ पाकिटातून हाक मारतोय.

"हे माझं नाही," ती म्हणाली.

"नाव तर तुमचंच आहे, बाई."

"मी या माणसाला ओळखत नाही. परत पाठवा."

पोस्टमन म्हातारा होता, त्याने बेनोला लहानपणापासून बघितलेलं. त्याने तिच्याकडे बघितलं, मान खाली घातली आणि पाकिटावर 'घेण्यास नकार' असा शिक्का मारला. आतून आईने विचारलं, "कोण गं? पत्र आलं का?" "नाही," विल्मा म्हणाली. आई त्या शरदात गेली. तोवर रोज विचारायची, आणि रोज विल्मा नाही म्हणायची. दुसरं पत्र कधी आलंच नाही. मागचा पत्ता तिने वाचलाही नव्हता.

ते पत्र परत पाठवलं त्याच्या दुसऱ्या दिवशी तिच्या टेबलावर चौथं रीळ होतं. नायिका चालत आली, बाहेर गेली. विल्माने मेणाची पेन्सिल उचलली. कुठे कापायचं हे तिला डोळे मिटूनही कळत होतं. नायिकेची सावली चौकटीबाहेर जाते त्याच्या पुढची तिसरी फ्रेम. पण त्या फ्रेमवर बेनो नुकता वाकला होता. त्याने मान वर करेपर्यंत ती थांबली, टोपी निघेपर्यंत थांबली, टोपी हलून खाली येईपर्यंत थांबली. शहाण्णव फ्रेम. दोन मीटरला थोडी कमी फिल्म. तिथे तिने खूण केली. कुठेतरी, कधीतरी, त्या देशात हा सिनेमा लागला तर त्याला कळेल, एवढाच त्या वेळी तिच्या मनात विचार होता.

सालोकी ते बघून उसळलाच. "विल्मा! नायिका गेली की गं चौकटीतून! आता काय मी नदीचा सिनेमा काढू?"

"राहू दे."

"का राहू दे?"

"मला बरं वाटतं म्हणून."

"तुला बरं वाटतं! कात्री तुझ्या हातात आहे म्हणून सिनेमा तुझा झाला का?"

तो स्वतः कात्री उचलणार इतक्यात मंजुरी देणारी समिती आली. पाच माणसं, पाच टोप्या. दिवे लागल्यावर त्यांच्यातला सगळ्यात जाडा म्हणाला, "बाकी प्रेमाबिमाचं ठीक आहे, पण तो तराफ्यावरचा तरुण श्रमिक! आनंदाने काम करतोय, जनतेला अभिवादन करतोय. वा! हे कमी करू नका." विल्माने रुमाल तोंडावर धरला. सगळ्यांना वाटलं तिला खोकला आलाय. सालोकीचे हात बांधले गेले, आणि देश सोडून पळालेला कारास बेनो आदर्श श्रमिक म्हणून देशभर पडद्यावर टोपी हलवत राहिला.

मग वर्षं गेली. त्रेसष्टला सरकारने माफी दिली आणि पळालेले लोक सुट्टीला येऊ लागले, नायलॉनचे मोजे आणि चॉकलेटं घेऊन. पूर्वेच्या स्टेशनावर ऑस्ट्रियाहून गाडी यायची त्या शनिवारी विल्मा उगीचच तिकडून ट्राम पकडायची. बेनो आला नाही. कशाला येईल? ज्या घराने त्याचं पत्र तोंडावर फेकलं तिथे? तिने शोधायचं म्हटलं तर कोणाला विचारणार? कागदोपत्री तिला भाऊच नव्हता. नंतर कागदांची भीती गेली, तेव्हा लाज उरली होती. लग्न तिने केलं नाही. मे महिन्यात तिच्या नामदिवसाला, म्हणजे कॅलेंडरातल्या विल्मा नावाच्या दिवशी, खोलीतल्या पोरी फुलं आणायच्या, ती सगळ्यांना आंबट चेरीचा केक द्यायची, आणि एक तुकडा बशीत झाकून ठेवायची. "हा कोणाचा, विल्मानेनी?" पोरी डोळे मिचकावून विचारायच्या. "भुतांचा," ती म्हणायची.

कॉलेजात आपल्या नावाने हसतात हे तिला ठाऊक होतं. तिला वाईट वाटायचं नाही. पोरं हसत का होईना, बेनोला दरवर्षी बघतायत, हेच तिला पुरे होतं. तिच्या जिवाला लागलेलं दुसरंच होतं. त्याने बघितलं का? एकदा तरी? टोपी हलेपर्यंत तिने त्याला धरून ठेवलंय, हे त्याला कळलं का? झोपताना, उठताना, ट्रामची वाट बघताना हाच प्रश्न, सदतीस वर्षं.

चौऱ्याण्णव साली, विल्मा एकोणसत्तर वर्षांची असताना, 'तिसाकाठचा उन्हाळा' धुऊनपुसून नवा करायचं ठरलं. काम एमोके नावाच्या हुशार पोरीकडे. तिने विल्मा आणि सालोकी दोघांना बोलावून घेतलं. सालोकी आता काठी टेकत यायचा, पण आवाज तसाच.

"एमोके, लिहून घे. पहिलं काम, चौथं रीळ. ते चार सेकंद उडव. आता समिती नाही न् फिमिती नाही. मरायच्या आधी माझा सिनेमा मला हवा तसा बघायचाय."

विल्मा पुढे सरकली. "देनेश, राहू दे ना."

"सदतीस वर्षं राहू दिले की! दर वर्षी पोरं माझ्या सिनेमाला हसतात. तुला गं काय त्या तराफ्याचं एवढं?"

 इतकी वर्षं दाबलेलं असं एकदम वर येत नाही.

एमोके म्हणाली, "तसंही ते चार सेकंद वाचणं कठीणच आहे, विल्मानेनी. मूळ निगेटिव्हचं चौथं रीळ तळघरात पाणी शिरून गेलं. बाहेरून एक प्रिंट मिळालीय, गोटेबर्गच्या एका फिल्म क्लबकडची. बाकी सगळी अगदी कोरी करकरीत. पण नेमकी त्याच जागी नासलीय. कोणीतरी तेवढाच तुकडा शेकडो वेळा मागेपुढे फिरवलाय."

"कुठली प्रिंट म्हणालीस?"

"गोटेबर्ग. स्वीडन."

विल्माने हातमोजे मागितले. मग काय झालं कोण जाणे, मागितलेले हातमोजे न घालताच तिने रीळ ओढलं. नायिका चालत येते : फिल्म गुळगुळीत, नवी. नायिका बाहेर जाते. तिसरी फ्रेम. आणि बोटाखाली एकदम खरखर लागली. कडेची भोकं फाटलेली, चित्रावर उभ्या रेघाच रेघा, जणू कोणी सुईने ओढल्यात. शहाण्णव फ्रेम. टोपी खाली येते तिथे खरखर थांबली आणि पुढे पुन्हा नवी कोरी फिल्म. तिने तुकडा ओठाला लावला. एक बाजू चिकटली नाही. उलटा करून लावला, तीही बाजू चिकटली नाही. चित्राचा थर झिजून अगदी पातळ झाला होता.

तुकड्यात सात जोड होते. इतक्या वेळा फिल्म तुटली होती आणि कोणीतरी पुन्हा जोडली होती. विल्माने तुकडा खिडकीच्या उजेडात धरला. पहिल्या जोडाच्या कडेला पांढरी फट, तांदळाएवढी. दुसऱ्याच्या, तिसऱ्याच्या. साती जोडांना तीच फट.

"पातेलं खरवडतोय मेला," ती म्हणाली, आणि खुर्चीत बसून ढसाढसा रडायला लागली.

सालोकी घाबरला. आयुष्यात त्याने हिला रडताना बघितलं नव्हतं. "विल्मी, अगं, पाणी आणू का?"

"एमोके, त्या क्लबने काही लिहिलंय का?"

एमोकेने चिठ्ठी काढली. "आहे दोन ओळी. माफी मागितलीय बिचाऱ्यांनी. म्हणतात, चौथ्या रिळाची नासाडी आमच्या प्रोजेक्टरवाल्याने केली, तो तुमच्याच देशाचा होता. रविवारी दुपारी एकटाच लावून बसायचा, सांगून सांगून थकलो. सहा वर्षांपूर्वी गेला. जिवंत होता तोवर ही प्रिंट त्याने कोणाला फेकू दिली नाही."

 सहा वर्षांपूर्वी गेला. विल्माने ते एकदा ओठांतल्या ओठांत म्हटलं. मग डोळे पुसले, आणि दिग्दर्शकाकडे बघून सगळं सांगितलं. फॉर्म, पोस्टमन, शिक्का, आईची रोजची विचारणा. एकही गोष्ट गाळली नाही, स्वतःला सोडलंही नाही.

सालोकीने काठीच्या मुठीवरून अंगठा फिरवला. "तो पोरगा तुझा भाऊ होता. मीच त्याच्या डोक्यावर टोपी घातली, आणि वर सगळीकडे सांगत हिंडलो की विल्माला डुलकी लागली." तो खाकरला. "गाढव आहे मी. ठेव. चार काय, चाळीस सेकंद ठेव."

"चारच," विल्मा म्हणाली. "ते बरोबर आहेत."

एमोके हळूच म्हणाली, "मग मी एक करते. फिल्म द्रवात बुडवून छापली की या रेघा बऱ्याचशा भरून निघतात. चेहरा थोडा तरी वर येईल त्यांचा. तुम्हाला दिसेल."

विल्माने तो तुकडा मुठीत घट्ट धरला. सदतीस वर्षं त्या चेहऱ्यासाठी जीव टाकलेला. 

"नको," ती म्हणाली. "चेहरा माझ्या लक्षात आहे. या रेघा त्याच्या हातच्या आहेत. एक पत्र मी न उघडता परत पाठवलं, पोरी. हे परत जाणार नाही, आणि यातलं एक अक्षरही पुसायचं नाही."

नव्या प्रिंटचा पहिला खेळ रविवारी दुपारी होता. वार विल्मानेच मागून घेतला होता. थिएटर भरलेलं, सालोकी तिच्या शेजारी, तिच्या मांडीवर रुमालात बांधलेला पाव, वर कांदा, हे कशाला आणलंय म्हणून त्याने विचारलं नाही. पडदा स्वच्छ, नदी इतकी लख्ख की पाण्यावरचं ऊन डोळ्यांवर येत होतं. चौथं रीळ लागलं. नायिका तरातरा चालत आली, उजवीकडून बाहेर गेली, आणि पडद्यावर एकदम रेघांचा पाऊस सुरू झाला, त्यामागे कुठेतरी एक वाकलेली आकृती.

मागच्या रांगेतला एक गृहस्थ बायकोला म्हणाला, "एवढे पैसे खर्चून प्रिंट बघ कसली लावलीय. एवढं साधं पुसता आलं नाही यांना?"

विल्माने पडद्यावरची नजर काढली नाही.

"गप्प बसा हो जरा," ती म्हणाली. "वाचू द्या मला."